कंपाउंडमधल्या झाडाची किंमत कशी काढायची

सोसायटीच्या कंपाउंडमध्ये १६० सेंटिमीटर घेराचा एक रायवळ आंबा उभा आहे असं धरू. त्याची किंमत साडेतीन हजार रुपयेही निघते आणि सदतीस लाखही. दोन्हींचा गुणाकार बरोबर असतो, फक्त दोघांनी वेगळाच प्रश्न सोडवलेला असतो. एकाने वखारवाल्याला विचारलेलं असतं, दुसऱ्याने सर्वोच्च न्यायालयाच्या समितीचा अहवाल उघडलेला असतो. म्हणून टेप हातात घेण्याआधी कागदावर एक ओळ लिहून काढा: हा आकडा कोणासमोर ठेवायचा आहे?

शेजारच्या रीडेव्हलपमेंटच्या खोदाईत मुळं तुटली आणि भरपाई मागायची असेल, तर तसंच झाड पुन्हा उभं करायचा खर्च हा पाया. रस्तारुंदीत जागा जात असेल तर फळझाडाला उत्पन्नाचा हिशोब आणि बाकीच्यांना लाकडाचा. पडलेलं झाड विकायचं असेल तर फक्त वखारीचा भाव. आणि बिल्डरशी बोलणी चालू असतील तर यांतल्या दोन पद्धतींचे आकडे शेजारी शेजारी मांडून ठेवावेत, कारण समोरचा माणूस सगळ्यात लहान आकडा धरूनच बसणार आहे. झाडामुळे फ्लॅटची किंमत किती वाढली हे मात्र मुंबईत शोधत बसू नका. मजला, स्टेशनपासूनचं अंतर आणि पार्किंग यांच्या आवाजात झाडाचा आकडा ऐकूच येत नाही.

घेर मोजताना

सगळं गणित घेरावर उभं आहे. वनखात्याच्या भाषेत ही छातीउंचीची गोलाई: जमिनीपासून १.३७ मीटरवर, म्हणजे साडेचार फुटांवर. शिंप्याची टेप दीड मीटरची असते आणि आपल्या आंब्याला पुरत नाही; लोखंडी टेप खोडाला चिकटत नाही. न ताणणारी सुतळी फिरवा, गाठ जिथे येते तिथे पेनाने खूण करा आणि ती सपाट जमिनीवर मोजा. मागच्या बाजूला सुतळी खाली घसरलेली असते, ती एका माणसाने धरून समपातळीत ठेवावी. ही बारकाई उगाच नाही. घेराचा पुढे वर्ग होतो, त्यामुळे १६०च्या जागी १६५ लिहिलं गेलं तर खालच्या उदाहरणात मूळ किंमत चोवीस हजारांनी फुगते.

वडाला वटपौर्णिमेचे दोरे गुंडाळलेले असतात, कधी बोटभर जाड थर. त्या थरावरून माप घेऊ नका. थोडं वर किंवा खाली सरका आणि किती उंचीवर मोजलं ते लिहा. वडाच्या पारंब्या मुख्य खोडाला चिकटल्या असतील तर त्यांना धरून सुतळी फिरवायची नाही. काटेसावरीसारख्या झाडाला बुंध्याशी पंख फुटलेले असतील तर ते संपतात त्याच्या वर मापावं. साडेचार फुटांच्या खालीच खोड दुभंगलं असेल तर दुभंगाच्या खाली जिथे खोड सर्वांत बारीक आहे तिथला घेर घ्या. झाड जमिनीतूनच तीन खोडांनी वर आलं असेल तर प्रत्येकाचं क्षेत्रफळ वेगळं काढून बेरीज करायची. घेरांची बेरीज करणं ही सगळ्यात जास्त दिसणारी चूक. साठ-साठ सेंटिमीटरच्या तीन खोडांचं खरं क्षेत्रफळ ८५९ चौरस सेंटिमीटर येतं, आणि घेर जोडून १८० धरला तर २,५७८. किंमत तिप्पट! समोरच्याच्या वकिलाला एवढं पुरे.

मुंबईच्या कंपाउंडमध्ये आणखी एक भानगड असते. दर काही वर्षांनी भराव घालून पेव्हर ब्लॉक बसवतात, जमीन फूट-दीड फूट वर येते. निरोगी झाडाचा बुंधा जमिनीशी घंटेसारखा पसरतो. खोड विजेच्या खांबासारखं सरळ जमिनीत शिरताना दिसलं, तर ते गाडलं गेलंय असं समजा. अशा ठिकाणी मूळ जमिनीचा अंदाज घेऊन उंची धरावी, आणि गाडल्यामुळे झाडाच्या प्रकृतीचे गुणही कापावेत.

वय

२०२१च्या दुरुस्तीनंतर राज्याच्या १९७५च्या वृक्ष संरक्षण कायद्यात वयाला थेट महत्त्व आलं. पन्नास वर्षं किंवा त्याहून जुनं झाड हेरिटेज वृक्ष ठरतं, आणि झाड तोडायची परवानगी मिळाली तरी जेवढं वय तेवढी नवी झाडं लावावी लागतात. त्यामुळे ४६ की ५४ हा निव्वळ कुतूहलाचा प्रश्न राहत नाही.

मोकळ्यावर वाढलेल्या झाडाचा घेर वर्षाला साधारण अडीच-तीन सेंटिमीटर वाढतो असं धरायची रीत आहे. पर्जन्यवृक्ष आणि गुलमोहर बरेच वेगाने फुगतात, भिंतीत अडकलेलं झाड रेंगाळतं. आपला १६० सेंटिमीटरचा आंबा या हिशोबाने ५३ ते ६४ वर्षांचा येतो, पण एवढ्यावर थांबू नका. इमारतीच्या ओसीची (वापर परवान्याची) तारीख पाहा, बहुतेक झाडं त्याच्या आगेमागे लावलेली असतात. जुन्या सभासदांकडचे पूजेचे, लग्नाचे फोटो काढायला सांगा. मागच्या बाजूला झाड केवढं दिसतं ते फोटोच सांगतो. गूगल अर्थवर जुन्या तारखांची उपग्रहचित्रंही मिळतात. पुढच्या गणितासाठी कागदपत्रांवरून वय ५० पक्कं झालं असं धरू.

माडाला हे लागू नाही. त्याचं खोड वर्षागणिक जाड होत नाही, फक्त उंच होतं. पण तो वय खोडावर लिहून ठेवतो: प्रत्येक गळलेल्या झावळीचा वळा उरतो, आणि मोठा माड वर्षाला बारा ते चौदा झावळ्या टाकतो. वळे मोजा, तेराने भागा, आणि खोड दिसायच्या आधीची चार-पाच वर्षं मिळवा.

खोडसूत्र

भरपाईसाठी वापरली जाणारी नावाजलेली पद्धत ही. अमेरिकेतल्या वृक्षमूल्यांकन परिषदेने ती घडवली. कल्पना साधी आहे: एवढं मोठं झाड बाजारात मिळत नाही, पण त्याच जातीचं मिळेल तेवढं मोठं झाड रोपवाटिकेत मिळतं. त्याचा प्रति चौरस सेंटिमीटर दर काढायचा आणि आपल्या खोडाच्या काटछेदाला लावायचा.

क्षेत्रफळ म्हणजे घेर गुणिले घेर भागिले १२.५७. आपल्या आंब्याचं २,०३७ चौरस सेंटिमीटर. आता रोपवाटिकेत वीस सेंटिमीटर घेराचा आंबा सहा हजारांना मिळतो असं समजा. (इथले सगळे भाव हिशोब कळावा म्हणून धरलेले आहेत. तुम्ही तीन रोपवाटिकांची लेखी कोटेशनं घ्या. मोठी झाडं बहुतेकदा आंध्रातल्या कडियमच्या रोपवाटिकांतून येतात, तिथलंही एक मागवा.) त्या रोपाचं क्षेत्रफळ ३१.८, म्हणजे दर १८९ रुपये. २,०३७ गुणिले १८९, मूळ किंमत सुमारे ३ लाख ८५ हजार.

वाहतूक, खड्डा, माती, आधाराचे बांबू आणि मजुरी या दरात घालायची नाही. ती शेवटी एकदाच मिळवायची. टेम्पोचं भाडं चौरस सेंटिमीटरने गुणलं की आकडा हास्यास्पद होतो. घेर २३५ सेंटिमीटरच्या पुढे गेला, म्हणजे व्यास पाऊण मीटरवर गेला, की क्षेत्रफळ झाडाच्या खऱ्या उपयोगापेक्षा फार भरभर वाढतं. अशा वेळी कमी केलेलं क्षेत्रफळ धरायची रीत आहे. जुन्या पर्जन्यवृक्षाला थेट सूत्र लावून फुगलेला आकडा काढू नका.

मग तीन गुणक, प्रत्येक शून्य ते एकच्या मध्ये. पहिला प्रकृतीचा, आणि यातच मूल्यांकन करणाऱ्याचा कस लागतो. बुंध्यापासून सुरुवात करा. जमिनीलगत भूछत्र उगवलंय का? असेल तर आतली मुळं कुजायला लागली आहेत, शेंडा कितीही हिरवा असो. लाकडी हातोडीने खोडावर गोल फिरत ठोका. टणक लाकूड टणत्कार देतं, पोकळी भद्द वाजते. आंब्याच्या सालीतून भुसा गळत असेल तर भिरुड आत आहे. पर्जन्यवृक्षाच्या डहाळ्यांवर पांढरा कापूस म्हणजे पिठ्या ढेकूण; मुंबईतले असंख्य पर्जन्यवृक्ष त्यानेच वाळले. मग वाळवीची मातीची नळी, खिळे, खोडात रुतलेली दिव्यांच्या माळेची तार, एकाच बाजूने छाटून लंगडा केलेला डोलारा. पावसाळा संपता संपता ही पाहणी करावी: भूछत्रं दिसतात आणि पानंही भरलेली असतात. फेब्रुवारीत निष्पर्ण पांगारा पाहून गुण कापणारे लोक आहेत.

दुसरा गुणक जागेच्या बंधनाचा. झाड भिंतीपासून किती फुटांवर, मुळांखाली ड्रेनेजची लाइन आहे का, पेव्हर खोडापर्यंत भिडलेत का. तिसरा बाहेरच्या अडचणींचा: रोगाची साथ, मेट्रोचं किंवा रस्त्याचं आखलेलं काम, जातीचा ठिसूळपणा. उथळ मुळांचा, फांद्या मोडणारा गुलमोहर आणि त्याच घेराचा बकुळ यांना एकच गुण देता येत नाहीत.

आपल्या आंब्याला प्रकृतीचे ०.६५ देऊ, भिंतीला टेकलाय म्हणून ०.७, बाहेरची अडचण थोडीच म्हणून ०.९. गुणाकार ०.४१च्या आसपास. किंमत सुमारे १ लाख ५८ हजार, त्यात लागवडीचे चार हजार: १ लाख ६२ हजार. गुणक दिला की त्याच्यासमोर एका वाक्यात कारण आणि फोटोचा क्रमांक लिहा. बिनकारणाचा ०.७ कोणीही ०.४ करून दाखवतो.

लंडनमध्ये वापरतात ती कॅव्हॅट पद्धतही खोडाच्या क्षेत्रफळावरच चालते, पण ती आजूबाजूची लोकवस्ती धरते आणि दाट वस्तीत मूळ आकडा अडीच पटीपर्यंत वाढवते. रस्त्यावरच्या सार्वजनिक झाडासाठी हा विचार मुंबईला फार पटण्यासारखा आहे. खाजगी कंपाउंडमधल्या आंब्याला मात्र तो लावू नका.

माड आणि फळझाडं

माडाला खोडसूत्र लावलं की उत्तर चुकणारच, कारण वीस वर्षांचा आणि साठ वर्षांचा माड जवळपास सारख्याच घेराचे असू शकतात. त्याची किंमत स्वच्छ खोडाच्या उंचीवर काढतात: रोपवाटिकेत मीटरला काय दर पडतो ते पाहून. उंची सावलीवरून मिळते. एक मीटरची काठी उभी करा. तिची सावली ६० सेंटिमीटर आणि झावळ्या सुटतात तिथपर्यंतच्या खोडाची सावली सहा मीटर असेल तर खोड दहा मीटर. शेंड्याची प्रकृती आधी पाहा. झावळ्या कात्रीने कापल्यासारख्या त्रिकोणी दिसल्या तर गेंड्या भुंगा. खोडाला भोक आणि त्यातून तांबूस चिकट द्रव म्हणजे सोंड्या भुंगा, आणि मग त्या माडाची किंमत शून्याकडे निघालेली आहे.

उत्पन्नाचा हिशोब वेगळा. वर्षाचं सरासरी फळ, त्यातून खर्च वजा, उरलेल्याला गुणक. भूसंपादनाच्या प्रकरणांत हा गुणक आठच्या वर नको, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९५मध्ये हरियाणाच्या एका निकालात स्पष्ट केलं. समजा माडाला वर्षाला साठ नारळ, पंचवीस रुपये नग: दीड हजार. चार वेळा पाडेली (नारळ उतरवणारा) चढला, दर खेपेला दीडशे: सहाशे गेले. नऊशे गुणिले आठ, ७,२०० रुपये. रायवळ आंबा एक वर्षाआड धरतो, म्हणून चांगल्या वर्षाचा आकडा घेऊन बसू नका; चार-पाच वर्षांची सरासरी घ्या. आपल्या झाडाला सरासरी साठ किलो, चाळीस रुपये दर, उतरवणीचे आठशे वजा केले की सोळाशे उरतात. आठ पट केले की १२,८००.

फळांचं उत्पन्न धरलं की त्याच झाडाचं लाकूड पुन्हा मोजायचं नाही, आणि फळबागेची जमीन उत्पन्नावर मोजली की जमिनीचा भाव वर लावायचा नाही. एकच गोष्ट दोनदा विकल्यासारखं होतं ते. २०१३च्या भूसंपादन कायद्यात कलम २९ जिल्हाधिकाऱ्याला झाडांच्या किमतीसाठी शेती, वनं किंवा फलोत्पादनातल्या अनुभवी माणसाची मदत घ्यायची मुभा देतं. तसा माणूस बोलावला जावा अशी लेखी मागणी तुम्हीच करा.

लाकूड

इथे फार वेळ घालवण्यात अर्थ नाही. सरळ खोडाच्या मधोमध घेर घ्या, चारने भागा, वर्ग करा, लांबीने गुणा. १.६ मीटर घेर आणि अडीच मीटर सरळ खोड: ०.४ घनमीटर, म्हणजे चौदा घनफूट. या पद्धतीत गोल ओंडक्याचं घनफळ खऱ्यापेक्षा एकवीस टक्क्यांनी कमी येतं. ती तूट कापणीतल्या फुकट जाणाऱ्या लाकडापोटी धरलेली आहे, वखारवाल्याने ती पुन्हा कापली तर बोला. आंब्याला अडीचशे रुपये घनफूट धरले तर साडेतीन हजार.

आणि शहरातलं झाड दोरखंड बांधून तुकड्या-तुकड्याने उतरवायला लागणारी मजुरी याहून जास्त होते. त्यात रे रोडच्या वखारीत शहरी ओंडका म्हटल्यावर नाकं मुरडतात. आत खिळे, तारा, कधी जुन्या पाटीचे स्क्रू असतात, आणि करवतीचं पातं तुटलं की नुकसान त्यांचं. सागाचा सरळ, बिनखिळ्याचा ओंडका सोडला तर कंपाउंडमधल्या झाडाचं लाकूडमूल्य शून्य किंवा उणे धरा.

ऑक्सिजन आणि कार्बन

पश्चिम बंगालमधल्या जेसोर रोडवर ३५६ झाडं तोडायच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नेमलेल्या तज्ज्ञ समितीने सुचवलेला एक दर २०२१च्या सुरुवातीला समोर आला: झाडाच्या वयाच्या प्रत्येक वर्षाला ७४,५०० रुपये. त्या झाडांची किंमत २२० कोटी निघाली. आपला आंबा ५० वर्षांचा, म्हणजे ३७ लाख २५ हजार. एवढ्या दराने सरकारं दिवाळखोर होतील, असं न्यायालयालाही वाटलं. या दराचा मोठा भाग ऑक्सिजनच्या किमतीतून आलेला आहे. हवेत एकवीस टक्के ऑक्सिजन फुकट आहे आणि तो कोणी झाडाकडून विकत घेत नाही, ही त्या हिशोबाची लंगडी बाजू. शिवाय तो घेर, जात, प्रकृती काहीच बघत नाही. पोकळ सुबाभूळ आणि डेरेदार वड यांचा भाव एकच. हा आकडा अर्जात जरूर लिहा, पण शिफारस म्हणून लिहा. कायद्याने ठरवलेला दर म्हणून लिहिला तर बाकीच्या कागदावरचाही विश्वास जातो.

कार्बनचं उलट. एवढ्या आंब्याने आयुष्यभरात साठवलेला कार्बन डायऑक्साइड मुळांसकट साधारण दोन टन. टनाला हजार रुपये धरले तरी दोन हजार. कार्बन क्रेडिटमधून सोसायटीला लाखो मिळतील असं सांगणारा कोणी आला तर त्याला हा गुणाकार करून दाखवायला सांगा. झाडाची खरी सेवा सावली, थंडावा आणि धुवाधार पावसात झेललेलं पाणी ही आहे, पण ती रुपयांत आणायला स्थानिक मोजमापं लागतात. ती नसतील तर या सेवा शब्दांत लिहा, खोटा आकडा लावू नका.

झाड आधीच गेलं असेल तर

बुंधा उरला असेल तर त्याचाच घेर छातीउंचीचा म्हणून लिहू नका, तो मोठा असतो. त्याच जातीचं, तेवढंच मोठं उभं झाड जवळपास शोधा, त्याचा बुंध्याशी आणि साडेचार फुटांवर घेर घ्या आणि तेच प्रमाण लावा. जमिनीपासून किती उंचीवर कापलंय ते मात्र दोन्हीकडे एकच हवं.

मुळं तुटली असतील तर पूर्ण किंमत मागता येत नाही. आधीची किंमत वजा नंतरची किंमत. म्हणजे तेच सूत्र प्रकृतीच्या दोन गुणकांनी दोनदा चालवायचं. मुळांचा जपायचा पट्टा खोडाच्या व्यासाच्या बारा पट त्रिज्येचा धरतात. आपल्या आंब्याचा व्यास ५१ सेंटिमीटर, म्हणजे सहा मीटरपेक्षा थोडा जास्त. शेजारचा खड्डा या वर्तुळाला किती कापतो ते नकाशावर काढा. मूळ तुटल्यावर शेंडा लगेच वाळत नाही, एक-दोन पावसाळे जातात, तेव्हा दुसरी पाहणी वर्षाने करायचा हक्क पत्रात आधीच राखून ठेवा. शेजारी पत्रे ठोकले जाताच, खोदाई सुरू होण्यापूर्वी, कंपाउंडमधल्या प्रत्येक झाडाचा टेपसकट फोटो काढून तारखेने ईमेल करून ठेवणं सगळ्यात स्वस्त.

अहवालात प्रत्येक झाडाला नकाशावरचा क्रमांक, पालिकेच्या गणनेचा क्रमांक खोडावर असेल तर तोही, मराठी नाव आणि शास्त्रीय नाव, घेर आणि तो कुठल्या उंचीवर घेतला, चार बाजूंचे फोटो, गुणक आणि त्यांची कारणं, कोटेशनच्या प्रती आणि मोजल्याची तारीख. झाड वाढतं, भाव बदलतात. दोन पावसाळ्यांपूर्वीचा अहवाल नव्याने मोजून घ्या. किमतीचा कागद हातात आला म्हणजे छाटणीची किंवा तोडायची परवानगी मिळाली असं नाही. खाजगी जागेतलं झाड असलं तरी त्यासाठी वॉर्ड ऑफिसच्या उद्यान खात्यात वेगळा अर्ज लागतो, आणि त्या अर्जालाही हेच फोटो, हेच घेर जोडता येतात.